बेबनावाची सतरंजी

आर्विडनं बशीतून कॉफी प्यायचं सोडलं, त्या दिवशी हेल्वी कांगसच्या मनात पहिल्यांदा पाल चुकचुकली.

आता कोणी म्हणेल, एवढ्याशा गोष्टीवरून बाई नवऱ्यावर संशय घेते का? पण बशी ही काही एवढीशी गोष्ट नव्हती. दातांत साखरेचा खडा धरायचा, कॉफी बशीत ओतायची आणि फुर्रकन ओढायची, हे आर्विडचं लग्नाच्या आधीपासूनचं. पाइक बे या सरोवरकाठच्या वस्तीतले सगळे जुने फिनिश म्हातारे असेच पितात, पण आर्विडसारखा आवाज कोणाचा नाही. त्या फुर्रवरून हेल्वी उभा जन्म त्याच्याशी भांडली होती. पाहुण्यांसमोर त्याला टेबलाखालून लाथा घातल्या होत्या. आणि एका सकाळी आवाजच बंद.

"अर्धाच कप भर," तो म्हणाला. कप दोन्ही हातांत धरला आणि खिडकीकडं तोंड करून प्यायला.

"बशी नको?"

"नको."

"का बरं?"

"तुलाच आवडत नाही ना तो आवाज?"

इतकी वर्षं कंठशोष केला तेव्हा या माणसाच्या कानावरची माशी हलली नाही, आणि आज अचानक बायकोची आवड आठवली?

मग एकेक गोष्ट डोळ्यांत भरायला लागली. आर्विडनं दाढी वाढवली. सॉनामध्ये, म्हणजे वाफेच्या न्हाणीघरात, तो जन्मभर सगळ्यात वरच्या, सगळ्यात तापलेल्या बाकावर बसायचा, खाली बसणाऱ्यांना "पाळण्यातली बाळं" म्हणून चिडवायचा. तोच आता खालच्या बाकावर गुपचूप टेकायला लागला. फाटकी जाळी कोपऱ्यात तशीच पडून राहिली. आणि अधूनमधून ट्रक काढून शहरात जायचा. खिळे आणायला चाललो म्हणायचा, आणि खिळ्यांशिवाय परत यायचा.

दुसऱ्या कोणा बाईनं सरळ निदान केलं असतं की शहरात कोणीतरी असणार. हेल्वीच्या मनातही ते आलं होतं. खरं सांगायचं तर तसं असतं तर बरं झालं असतं. एक फुंकणी घेऊन गेली असती आणि प्रकरण मिटवून आली असती. पण हेल्वी मंडळीतली होती, आणि मंडळीतल्या बाईला त्याहून वाईट गोष्टी ठाऊक असतात.

मंडळीला नाव नाही. गावाच्या लेखी तो एका लुथरन चर्चच्या तळघरात भरणारा विणकामाचा वर्ग. जुन्या साड्यांसारख्या... छे, साड्या कुठल्या तिथं! जुन्या चादरी, परकर, शर्ट फाडून त्यांच्या पट्ट्यांच्या सतरंज्या विणायच्या, नाताळात विकायच्या. ते काम खरंच चालायचं. पण एक सतरंजी कधीच विकली जात नसे. करड्या लोकरीची, लांबच लांब, वर्षभर गुंडाळी करून मागाच्या मागं ठेवलेली. ती म्हणजे पाइक बेचा काठ. मधोमध निळा पट्टा म्हणजे ओढा; बाकी दोन्ही टोकं दिसायला सारखीच, एक उत्तरेचा दीपस्तंभ मानायचं, दुसरं दक्षिणेची वाळू.

त्या सतरंजीत मंडळी बेबनाव टाचून ठेवायची. साधी भांडणं नव्हेत; त्यांना सतरंजी कुठं पुरायची! दोन माणसं, दोघंही खरं बोलणारी, एकाच गोष्टीबद्दल दोन वेगळ्या गोष्टी शपथेवर सांगायला लागली की मंडळी कान टवकारायची. एक म्हणतो, इथं बर्चचं झाड होतं, मी त्याला टेकून बसलोय. दुसरा म्हणतो, इथं कधी झाडच नव्हतं. खोटं कोणीच बोलत नाही. तिथं शेजारचं जग आपल्या जगाला घासतंय, असं मंडळीचं म्हणणं. ज्या बाईच्या कानावर असं काही येई, ती एकटीच तळघरात जाऊन त्या जागी सुईनं एक चिंधी ओवून यायची. कोणाला सांगायचं नाही, विचारायचं नाही. एकीचं ऐकून दुसरीला भास व्हायला नकोत म्हणून.

उन्हाळ्यात सतरंजी धक्क्यावर नेऊन सरोवराच्या पाण्यात धुवायची, डांबराच्या साबणानं घासायची, वाळवायची, तळघराच्या भिंतीवर टांगायची आणि मग सगळ्यांनी मिळून वाचायची. जिथं चिंध्यांचा पुंजका दिसेल तिथं चीर पडली आहे असं समजायचं. आणि चिरेतून कधीकधी माणूसही इकडचा तिकडं होतो. तसाच दिसणारा, तेच नाव लावणारा, पण आपला नव्हे. वेळेवर लक्ष दिलं नाही तर चीर घरातून गावात जाते. पाइक बेसारख्या मूठभर वस्तीत तीन लुथरन चर्चं झाली आणि तिघांचा एकमेकांशी अबोला, ते उगाच नाही, असं लेम्पीमावशी म्हणायची.

लेम्पी रुओना ही मंडळीची म्हातारी. डोळ्यांत मोतीबिंदू, पण बोटं अशी की आंधळेपणी सुद्धा कापडाचा रंग सांगेल.

त्या वर्षी सतरंजी धुवायची पाळी हेल्वीची होती. तिनंच घासली, तिनंच वाळवली, तिनंच भिंतीवर टांगली. डोक्यात सगळा वेळ आर्विडची बशी.

वाचनाच्या दुपारी सगळ्या बायका वेलदोड्याच्या पावाचे तुकडे हातात घेऊन बसल्या. लेम्पीमावशीनं उत्तरेकडून बोटं फिरवायला सुरुवात केली. दीपस्तंभ, मासे खारवायची शेड, ओढा. ओढ्याच्या पलीकडं बोटं दक्षिणेला सरकली आणि थांबली. तिथं चिंध्यांचं नुसतं गचपण होतं. लाल, पिवळ्या, फुलाफुलांच्या.

"कांगसांचं घर," लेम्पीमावशी म्हणाली.

एकदोघींनी सतरंजीकडं बघून कपाळाला आठ्या घातल्या, मग खाली मान घातली. हेल्वीच्या हातातला पाव हातातच राहिला.

"घरात कोणी बदललंय का गं?" मावशीनं विचारलं.

"नाही," हेल्वी पटकन म्हणाली. इतकी पटकन, की तिचा तिलाच राग आला.

बायका पांगल्यावर मावशीनं तिला थांबवून घेतलं. "हे बघ, मंडळी कोणाच्या घरात शिरत नाही. माणसाच्या शर्टाची चिंधी घरातल्यानंच आणून द्यावी लागते. दिलीस, तर माझा भाऊ वाइनो त्याला होडीतून सरोवरातल्या खडकाच्या कपारीपाशी नेईल. कपारीतल्या बोळातून एक माणूस पलीकडं गेला आणि त्याच वेळी पलीकडूनही पाऊल पडलं, तर अदलाबदल होते. नाहीतर माणूस नुसता भिजून परत येतो."

"आणि चुकून आपलाच माणूस पाठवला तर?"

"ते दार आहे पोरी, कोर्ट नाही. ते कोणाला ओळखत नाही. ओळखायचं ते तू."

झालं! त्या दिवसापासून हेल्वीची झोप उडाली आणि नजर बिघडली. आर्विड बूट घालतोय, ही बघतेय. आर्विड लोणी लावतोय, ही बघतेय. तो लोणी सुरीनं लावायच्या ऐवजी पावच लोण्यात बुडवायला लागला होता. हा कसला प्रकार? माझा आर्विड असला अडाणी नव्हता! विचारलं की तो हसून वेळ मारून न्यायचा, आणि ते हसूही तिला उसनं वाटायचं.

"काय बघतेस गं सारखी?" एकदा त्यानं विचारलं. "शिंगं फुटलीत का मला?"

"फुटली असती तर निदान दिसली असती."

"सरळ बोल की!"

"तू सरळ बोल. शहरात कुठं जातोस?"

"खिळे आणायला."

"कुठायत खिळे?"

"मिळाले नाहीत."

"अख्ख्या होटन शहरात खिळा नाही? सगळं शहर काय डिंकानं चिकटवलंय?"

आर्विड हात खिशात घालून बाहेर निघून गेला. हल्ली त्याचे हात कायम खिशातच असत.

शेवटी तिनं परीक्षा घ्यायचं ठरवलं. रविवारी जेवण झाल्यावर भांडी विसळताविसळता, सहज विचारल्यासारखं विचारलं, "आपलं लग्न झालं, त्या दिवशी माझ्या अंगावर कोट कुठल्या रंगाचा होता रे?"

"राखाडी," आर्विड म्हणाला. एक क्षणही थांबला नाही. "मोठी बटणं होती. एक तुटलं होतं."

हेल्वीच्या हातातून ताटली निसटली. कोट निळा होता. तिला निळाच आठवत होता, लख्ख. बटणाचंही बरोबर होतं. आणि आर्विडच्या चेहऱ्यावर खोट्याचा लवलेश नव्हता. दोघंही खरं बोलतायत आणि दोन गोष्टी सांगतायत. आता आणखी काय पुरावा हवा? तिनं खोलीत जाऊन लग्नाचा फोटो काढला. फोटो काळा-पांढरा. त्या फोटोचा तिला इतका संताप आला की तो तिनं कपाटात पालथा ठेवला.

त्या रात्रीचं काय सांगावं. शेजारी माणूस घोरतोय आणि आपण भिंतीला चिकटून पडलोय. खरा आर्विड कुठं असेल? तिकडं कोणा परक्या बाईच्या स्वयंपाकघरात बसून, माझी हेल्वी मला शोधत का नाही, म्हणत असेल? हा विचार आला आणि तिला रडू कोसळलं. सकाळी तिनं आर्विडचा निळा चौकटीचा शर्ट काढला, खालची कड फाडली आणि लेम्पीमावशीच्या हातात नेऊन ठेवली.

"नक्की ना?" मावशीनं विचारलं.

"नक्की."

दोन दिवसांनी वाइनो आला. लेम्पीमावशीचा धाकटा भाऊ, कोळी, मितभाषी. "कपारीपाशी जाळं अडकलंय आर्विड. जरा येतोस का हाताला?"

आर्विडनं आधी आपल्या हातांकडं पाहिलं आणि मग म्हणाला, "माझा कितपत उपयोग होईल बाबा. पण येतो."

दारात तो वळला. "हेल्वी, सॉना तापवून ठेव. आज तुला एक गोष्ट सांगायचीय. बरेच दिवस सांगीन म्हणतोय."

"बरं," ती म्हणाली. तिनं त्याच्याकडं बघितलंही नाही, चुलीतली राख ओढत राहिली. बघितलं असतं तर सोडवलं नसतं, हे तिला कळत होतं.

वाइनो परतला तेव्हा होडीत दाढी नसलेला माणूस होता. तुळतुळीत दाढी केलेला, अंगात तांबडं जाकीट. दाढीवाला बोळात शिरला आणि हा बाहेर आला, वाइनोनं स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं. त्यानं हेल्वीकडं बघून नुसती मान हलवली. चीर होती, अदलाबदल झाली, मंडळीचं बरोबर होतं.

आर्विड थेट टेबलापाशी बसला, साखरेचा खडा दातांत धरला, कॉफी बशीत ओतली आणि फुर्रकन ओढली. हेल्वी ढसाढसा रडली. तिनं त्याच्या डोक्यावरून हात फिरवला, कपाळाचे मुके घेतले.

"अगं, झालं काय?" तो गोंधळला. "बोळात वाकून जाळं सोडवत होतो, एवढंच तर झालं! तुला बरं नाही का?"

"आता बरं आहे," ती म्हणाली.

सॉनामध्ये तो वरच्या बाकावर चढला. जाळी विणून काढली. काही दिवस हेल्वीच्या पायांना जमीन लागेना. आर्विडला काही आठवत नव्हतं, सांगायचं काही कारणही नव्हतं. फक्त, तो कधीकधी जेवताना थांबून भिंतीकडं बघायचा. घड्याळ इथं होतं का? तू कणीक मळताना गायचीस ना, हल्ली गात नाहीस? हेल्वी उभ्या आयुष्यात कधी गायली नव्हती. सूर लावला की गावातली कुत्री पळतील. ती हसून म्हणायची, "वय झालं." आणि तो तिच्याकडं बघत राहायचा. ती नजर कुठलीय ते हेल्वीला चांगलं ठाऊक होतं. महिनाभर तिनं स्वतः तीच वापरली होती.

एका दुपारी शहरातल्या औषधाच्या दुकानाचा पेनहेल मासे धरायला जाताना दारात थांबला. आर्विड मागं लाकडं फोडत होता.

"मिसेस कांगस, आर्विड या खेपेला आलाच नाही. म्हटलं जाता जाता देऊन जावं." त्यानं कागदाची पुडी पुढं केली. "गोळ्या मध्येच बंद करायच्या नाहीत म्हणावं. थरथर वाढते, मग कपसुद्धा धरवत नाही."

"कसली थरथर?"

पेनहेलचा चेहरा पडला. "त्यानं सांगितलं नाही अजून? अरे देवा. तो म्हणायचा, सॉनामध्ये निवांत सांगीन. तुम्ही घाबरून जाल म्हणून धीर होत नव्हता बिचाऱ्याला."

पेनहेल गेला. हेल्वी पुडी हातात धरून दारातच उभी. कप अर्धा, दोन्ही हातांत. वस्तऱ्याला हात धजेना म्हणून दाढी. वरच्या बाकावर चढवेना म्हणून खालचा बाक. सुरी धरवेना म्हणून पाव लोण्यात. खिशातले हात. खिळे! बाई गं, मी काय केलं हे!

ती तशीच तळघराकडं धावली. सतरंजी भिंतीवर होती. आता मात्र तिनं बघायला हवं होतं तसं बघितलं. चिंध्यांची सतरंजी दोन्हीकडून सारखी दिसते. सुलटी कुठली हे कळावं म्हणून जुन्या बायकांनी उजव्या कोपऱ्याच्या काठाला एक लाल गाठ मारून ठेवली होती. हेल्वीनं काठ चाचपला. गाठ भिंतीकडच्या बाजूला होती, डाव्या कोपऱ्यात. आपल्या हातानं धुतलेली सतरंजी तिनं आपल्या हातानं उलटी टांगली होती. उत्तर दक्षिणेला आली होती आणि दक्षिण उत्तरेला. चिंध्यांचा पुंजका कांगसांच्या घरावर नव्हताच. तो ओढ्यापलीकडं उत्तरेला होता, शिकागोवाल्यांच्या बंद पडलेल्या बंगल्यावर, जिथं कोणी राहत नाही. कोणालाच कुठं पाठवायची गरज नव्हती.

लेम्पीमावशी मागं येऊन उभी राहिली होती. तिनं गाठीवर बोट ठेवलं आणि हळूच खाली बसली.

"माझीही एक चिंधी होती त्यात," ती म्हणाली. "त्या बंगल्याच्या बर्चच्या झाडाची. मी ओवली होती उत्तरेला. वाचताना हाताला लागली दक्षिणेला."

"मग बोलली का नाहीस मावशी?"

"मला वाटलं, हाच तो बेबनाव. माझी आठवण एक सांगतेय, सतरंजी दुसरं. म्हटलं, चीर फारच रुंद झाली. बाकीच्यांनाही तसंच वाटलं असणार. आम्हाला दुसरं काही सुचतच नाही गं. सतरंजी उलटी असेल, हे कोणाच्या डोक्यात येईल?"

हेल्वीला ओरडावंसं वाटलं. पण ओरडणार कोणावर? चिंधी तिनं दिली होती. मागितली मंडळीनं, पण फाडली तिनं.

घरी आली तेव्हा आर्विड टेबलाशी बसला होता. पुडी ती धावताना दारातच टाकून गेली होती. त्यानं ती उचलून समोर ठेवली होती.

"कोण आजारी आहे?" त्यानं विचारलं.

"माझा नवरा," हेल्वी म्हणाली.

आर्विडनं बशी खाली ठेवली. मग तिनं सगळं सांगितलं. मंडळी, चिंधी, बोळ, लाल गाठ. मंडळीचं गुपित बाहेर सांगायचं नसतं, पण तेल लावत गेली ती मंडळी! सांगून झाल्यावर तिनं विचारलं, "माझा लग्नातला कोट कुठल्या रंगाचा होता?"

"राखाडी. एक बटण तुटलं होतं."

"तुम्ही दोघंही राखाडीच म्हणता. म्हणजे मीच विसरले," हेल्वी म्हणाली आणि पदरात... पदर कुठला, एप्रनमध्ये तोंड खुपसून रडली.

मग आर्विड म्हणाला, "म्हणजे ती. माझी. तिनंही माझी चिंधी दिली तर."

"दिलीच असणार. त्याशिवाय तू त्या वेळी बोळात कसा?"

"महिनाभर ती माझ्याकडं चोरासारखी बघत होती." तो कडवट हसला. "मी तंबाखू सोडली होती गं. सांगितलं नव्हतं, जमतंय की नाही कोणास ठाऊक म्हणून. चिडचिड व्हायची, उगाच फिरायला जायचो. तेवढ्यावरून?"

"तेवढं पुरतं," हेल्वी म्हणाली. "विचार मला."

तो उठला, खिडकीपाशी गेला. "मला घरी जायचंय."

"मलाही तेच हवंय. पण त्याच वेळी तिकडूनही पाऊल पडायला हवं. तिला कळायला हवं. तिनं त्याला आणायला हवं."

"ती चूक कबूल करेल?" आर्विड वळला. "हेल्वी? मी ओळखतो तिला. मरेल पण मान खाली घालणार नाही."

हेल्वीनं मान खाली घातली होती. तिलाही ती बाई चांगलीच ठाऊक होती.

सकाळी ती दोघं होडीतून निघाली. वाइनोला बोलावलं नाही. वल्हं आर्विडनंच मारलं, हेल्वी थर्मास मांडीवर घेऊन बसली, पुडी एप्रनच्या खिशात. सरोवर शांत होतं. कपारीपाशी पाणी काळं दिसत होतं, आणि बोळ इतका अरुंद की माणसाला वाकूनच जावं लागे.

पहिल्या दिवशी आर्विड आत गेला आणि नुसता भिजून परत आला. दुसऱ्या दिवशीही तेच. हेल्वी त्याला घोंगडी द्यायची, तो कुडकुडत विचारायचा, "उद्या?" ती म्हणायची, "उद्या." घरी तिनं त्याला बाहेरच्या खोलीत बिछाना घातला होता. परका माणूस तो, कितीही सारखा असला तरी, आणि बिचारा मुकाट्यानं तिथं झोपायचा.

पुढच्या खेपेला होडीतून उतरताना तो म्हणाला, "ती येईल असं खरंच वाटतं तुला?"

हेल्वीनं विचार केला. आपण किती हट्टी, आपलं तोंड किती वाईट, आपला संशय किती जुनाट, सगळं तिच्या डोळ्यांपुढून गेलं.

"मी आलेय ना," ती म्हणाली.

आर्विड तिच्याकडं बघून पहिल्यांदा मोकळं हसला. "गायला शीक जरा. बरं असतं," म्हणाला, आणि वाकून बोळात शिरला.

हेल्वी होडीची कड धरून बसली. बराच वेळ नुसतं पाणी वाजत राहिलं. मग बोळातून एक माणूस वाकून बाहेर आला. तिनं चेहऱ्याकडं बघितलं नाही. आधी हात बघितला.

हात थरथरत होता. आणि पाणी बर्फासारखं गार होतं, कोणाचाही हात थरथरला असता. दाढी होती, पण दाढी काय, वाढवली की वाढते. हेल्वीच्या मनात ती जुनी पाल पुन्हा चुकचुकली. तिनं तिला तिथल्या तिथं चेचली. पुरे झालं, म्हणाली, आता या जन्मात पुरे.

"हेल्वी," तो कसाबसा होडीत टेकत म्हणाला, "तुला एक गोष्ट सांगायची राहिली."

"घरी चल. सॉना तापवते, मग सांग," ती म्हणाली. "खालच्या बाकावर दोघंही बसू."

तिनं थर्मासमधली कॉफी ओतली, अर्धाच कप. त्याच्या दोन्ही हातांत दिला आणि वरून आपले दोन्ही हात घट्ट धरून ठेवले, तो पिऊन होईपर्यंत.